धुणेवालीची शेवटची पाटी

आमच्या वाचनालयाच्या मागच्या दालनात रविवारी दुपारी ज्या बायका सिनेमा पाहायला यायच्या, त्यांतल्या काही जणी अजूनही पायरीशी चपला काढताना सवयीने "जेवून आले" असं म्हणतात. आता तिथं तो प्रश्न विचारणारं कुणी नाही. मी टेबलामागून मान हलवतो आणि त्या आत जातात.

प्रश्न अक्कांचा होता. जेवल्याशिवाय कुणी आत यायचं नाही, असा त्यांचा नियम होता. सिनेमा पाहण्याचा आणि जेवण्याचा काय संबंध, असं पहिल्या पहिल्यांदा बायकांना वाटे. एखादी "घरी गेल्यावर जेवेन" म्हणाली, तर अक्का तिला दारातच बाकावर बसवत आणि पिशवीतून डबा काढत. डब्यात ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी आणि ठेचा, कधी वांग्याचं भरीत. "खा आधी. पिच्चर कुठं पळून जात नाही," असं म्हणून ती बाई खाईपर्यंत समोर उभ्या राहत. त्यामुळे आमचा खेळ कधीच वेळेवर सुरू झाला नाही.

अक्कांचं नाव सुजाता. पहूरच्या शाळेत बरीच वर्षं आणि मग जळगावात मुलींच्या शाळेत त्यांनी इंग्रजी आणि मराठी शिकवलं. शाळेत त्या मॅडम होत्या. निवृत्त झाल्यावर मेहरूणच्या तलावाकडे दोन खोल्यांत राहायला गेल्या आणि तिथल्या बायकांनी त्यांना अक्का केलं. उंच, सडसडीत बांधा. चष्मा दोरीने गळ्यात. साड्या सुती, पण काठ असा की लांबून ओळखू यावा. घड्याळ उजव्या हातात. आवाज वर्गात शेवटच्या बाकापर्यंत पोचवून पोचवून थोडा खरबरीत झालेला. बोलताना हसू आलं तरी चेहरा तसाच गंभीर ठेवायच्या, त्यामुळे समोरच्याला हसावं की नाही हे कळायचं नाही.

माझी त्यांची ओळख भांडणातून झाली. मी ग्रंथपाल, आणि त्या पुस्तकांत पेन्सिलीने लिहायच्या. सगळीकडे नाही. कादंबरीत आई मरते त्या पानावर. मुलाच्या फीसाठी दागिने मोडलेली, खोकत खोकत शिवणयंत्र चालवणारी आई शेवटी पलंगावर हात जोडून जग सोडते, त्या परिच्छेदाशेजारी समासात बारीक अक्षरात लिहिलेलं असायचं, "जेवली होती का?" अशी तीन-चार पुस्तकं हाती आल्यावर मी त्यांना विचारलं.

"पेन्सिल आहे भाऊ, खोडता येते," त्या म्हणाल्या. "लेखकांनी शाईने लिहिलंय, त्याचं काय करणार?"

मी खोडरबर पुढे केलं. त्यांनी तिथंच बसून सगळं खोडून दिलं. पुढच्या महिन्यात नव्या पुस्तकात पुन्हा तेच. मग मी सांगणं सोडून दिलं.

वाचनालयाला कुणीतरी प्रोजेक्टर भेट दिला होता आणि तो कपाटात पडून होता. अक्कांनीच तो बाहेर काढायला लावला. त्यांच्या एका विद्यार्थिनीने त्यांना इंटरनेटवरून जुने, शंभरेक वर्षांपूर्वीचे मुके सिनेमे उतरवून दिले होते. बहुतेक परदेशी. हे सिनेमे मेहरूणच्या बायकांना दाखवायचे, असं त्यांनी मला सांगितलं, विचारलं नाही.

"त्यांना काय कळणार त्यातलं?" मी म्हणालो.

"या पिच्चरला भाषाच नाही, भाऊ. म्हणजे आपली घालता येते."

त्यांच्या आजोबांनी लहानपणी जत्रेत तंबूतला सिनेमा पाहिला होता. तेव्हा पडद्याशेजारी एक माणूस काठी घेऊन उभा राहायचा आणि चित्र पुढे सरकेल तशी गोष्ट सांगायचा. पडद्यावर अक्षरं आली की ती मोठ्याने वाचायचा. अक्कांनी ते काम घेतलं. काठीऐवजी शाळेतली लाकडी पट्टी. सिनेमात मधेमधे काळ्या पडद्यावर जी वाक्यं उमटतात, त्यांना त्या पाटी म्हणायच्या. पाटी आली की पट्टी तिच्यावर टेकवून मराठीत वाचायच्या, आणि बायकांना नीट कळलं नाही असं वाटलं तर तेच अहिराणीत. मी लॅपटॉपपाशी बसायचो. पंखा, प्रोजेक्टरची घरघर आणि अक्कांचा आवाज, एवढंच त्या दालनात ऐकू यायचं.

त्या काळच्या सिनेमांत आया फार. आणि सगळ्या एकाच मातीच्या. डोळे वर लावलेल्या, हात छातीशी, खांद्यावर फाटकी शाल. मुलासाठी केस विकतात, नाव विकतात, शेवटी मुलाच्या आयुष्यातून स्वतःला पुसून टाकतात. कॅमेरा त्यांच्या चेहऱ्यावर येऊन थांबतो आणि चेहऱ्याभोवती धुकं पसरतं, देवाच्या तसबिरीला असावं तसं. बायका पदर तोंडाला लावून रडायच्या. अक्काही रडायच्या. पट्टी हातात, डोळे गळताहेत आणि आवाज मात्र शाबूत.

त्यांतला एक सिनेमा बायकांना इतका आवडला की दर दोन-तीन महिन्यांनी त्याची मागणी व्हायची. त्याचं मूळ नाव कुणाच्या लक्षात राहिलं नाही. त्या त्याला धुणेवालीचा पिच्चर म्हणत. गोष्ट साधी. एका धुणेवालीचा नवरा मरतो. गावातल्या श्रीमंत जोडप्याला मूल नसतं. मुलाचं भलं होईल म्हणून ती आपला मुलगा त्यांना देऊन टाकते, आणि मी याची आई आहे हे कधीही सांगणार नाही, असं वचन देते. मग त्याच घरात कपडे धुवायला राहते. मुलाचे सदरे धुते, इस्त्री करते. तो तिला नोकर म्हणून ओळखतो. शेवटी त्याचं लग्न असतं. त्याचा लग्नातला सदरा तीच इस्त्री करून देते आणि रात्री पाहुणे आत नाचत असताना फाटकाबाहेर बर्फात उभी राहून खिडकीकडे पाहत राहते.

पहिल्यांदा हा सिनेमा लावला तेव्हा मेहरूणला भाजीची गाडी लावणाऱ्या हिराबाई पहिल्या रांगेत होत्या. बर्फ पडू लागला तशा त्या म्हणाल्या, "अक्का, हाई काय, कापूस पडी ऱ्हायना का?"

"बर्फ आहे, हिराबाई."

"मंग तिले थंडी वाजत व्हई ना."

"वाजत असणारच."

"आन् हाई बाई जेवनी कव्हय?"

अक्कांनी माझ्याकडे पाहिलं. मी सिनेमा थांबवला. त्या बायकांकडे वळल्या आणि म्हणाल्या, "बरोबर विचारलंत. पूर्ण पिच्चरमध्ये ही बाई मुलाला दूध देते, मालकाला सूप देते, कुत्र्यालासुद्धा हाडूक टाकते. स्वतः एकदाही जेवत नाही. मी दोनदा पाहिलाय घरी, खास तेवढ्यासाठी." बायका हसल्या. मी सिनेमा पुढे सुरू केला.

त्यानंतर शेवटची पाटी आली. मी इंग्रजी वाचू शकतो. तिच्यावर लिहिलेलं होतं, 'तो सुखात आहे. मला आणखी काही नको.'

अक्कांनी पट्टी पाटीवर टेकवली.  मग म्हणाल्या, "मी दमले आहे. मला बसायला कुणीतरी जागा द्या."

 आणि हिराबाई, पडद्यावरच्या त्या गोऱ्या बाईला, अगदी शेजारणीला म्हणावं तसं म्हणाल्या, "बैस माय, बैस."

पुढे प्रत्येक वेळी असंच झालं. बाकीच्या पाट्या अक्का अगदी प्रामाणिकपणे वाचायच्या, एक शब्द इकडचा तिकडे नाही. शेवटची पाटी मात्र त्यांची स्वतःची असायची, आणि तिच्यानंतर बायका त्या बाईला बसायला सांगायच्या. बायकांना तेच खरं वाटायचं. सिनेमा संपून घरी जाताना त्या वाटेत तेच वाक्य एकमेकींना सांगत, असं मला हिराबाईंनी सांगितलं.

एकदा दालन रिकामं झाल्यावर मी विचारलं, "अक्का, तिथं वेगळं लिहिलंय."

"ठाऊक आहे. तीच एक पाटी वाचायला लागले की घशात अडकते." त्या चहा बशीत ओतत होत्या. "ती लिहिणारा नक्की पुरुष असणार. लिहून झाल्यावर उठला असेल आणि घरी जाऊन वाढलेल्या ताटावर बसला असेल."

"मग हे सिनेमे दाखवायचेच कशाला?"

"आवडतात हो मला. खोटं कशाला बोलू? मी रडते ते काय नाटक असतं? पण रडून झालं की राग येतो. आधी राग येऊन मग रडू आलं असतं तर बरं झालं असतं."

मग त्यांनी आपल्या आईची गोष्ट सांगितली. त्यांच्या तोंडून आईविषयी मी एवढंच ऐकलं. सावद्याला केळीचे घड वाहून ट्रक भरायचं काम ती करायची. संध्याकाळी घरी आली की दारातच पाय पसरून बसायची आणि सगळ्या आळीला ऐकू जाईल असं म्हणायची, "दमनू वं माय मी." रोज. मग वडील पाण्याचा तांब्या आणून द्यायचे, अक्का तिच्या खांद्याला तेल चोळायच्या. त्यात कुणाला काही वावगं वाटत नसे. घरातल्या तसबिरीतला बुद्धही डोळे मिटून शांत बसलेला असायचा, आणि आई त्याच्याकडे बघून म्हणायची, याला बरं बसायला मिळतं.

"आईला अक्षर येत नव्हतं," अक्का म्हणाल्या. "पण दमले म्हणता यायचं. मी शिकले, मॅडम झाले. प्रशांतचे बाबा गेले तेव्हा तो नुकता बोलायला लागला होता. मला सगळ्यांनी सांगितलं, आता तूच आई आणि तूच बाप. तुला खंबीर राहायला पाहिजे. त्या दिवसापासून मी ते वाक्य बोललेच नाही. प्रशांत शाळेतून आला की विचारायचा, आई, दमलीस का? मी म्हणायचे, नाही रे राजा. मला वाटायचं, दमले म्हटलं तर हा घाबरेल."

प्रशांत धुळ्याला इंजिनिअर. चांगला मुलगा, हे आधीच सांगितलं पाहिजे. दर रविवारी सकाळी फोन करणारा, आईची औषधं संपायच्या आत आणून ठेवणारा. देवपूर भागात त्याने घर बांधलं आणि त्याला 'मातृछाया' नाव दिलं. संगमरवरात कोरून. वास्तूच्या दिवशी अक्का घर पाहून आल्या आणि मला म्हणाल्या, "छाया माझी आहे, पण माझं टेबल ठेवायला जागा नाही." तरी त्यांना त्या नावाचा अभिमान होता. पाटीचा फोटो त्यांनी मोबाईलमध्ये ठेवला होता आणि कुणी विचारलं नाही तरी दाखवायच्या.

धुळ्यातल्या एका मंडळाने त्यांना आदर्श माता पुरस्कार जाहीर केला. प्रशांतनेच त्यांची माहिती पाठवली होती. अक्कांना जायचं नव्हतं, पण मुलाचं मन मोडवेना. मलाही सोबत नेलं. त्यांनी नवी पोपटी साडी घेतली होती, लाल काठाची.

सभागृह भरलेलं. व्यासपीठावर ओळीने सहा-सात आया, सगळ्यांच्या गळ्यात झेंडूचे हार, सगळ्यांच्या माना किंचित खाली. सूत्रसंचालक तरुण होता, आवाज कमावलेला. अक्कांचा नंबर आल्यावर तो म्हणाला, "या माउलीने मुलासाठी आयुष्याची वात केली. कधी नवी साडी घेतली नाही. कधी पोटभर जेवली नाही. आणि मुलाच्या शब्दांत सांगायचं तर, माझी आई कधीच दमली नाही." टाळ्या. प्रशांत पहिल्या रांगेत होता, त्याचे डोळे भरून आले होते. ते खरे भरले होते, हे मी शेजारून पाहत होतो.

अक्कांना दोन शब्द बोलायला सांगितलं. त्यांनी माइक वर्गात खडू धरतात तसा धरला.

"साड्या मी घ्यायचे," त्या म्हणाल्या. "ही कालच घेतली. प्रशांत लहान होता तेव्हाही घ्यायचे, हप्त्याने. आणि उपाशी वगैरे नव्हते. शाळेत पोरींच्या डब्यात मेथीची भाजी असली की मीच संपवायचे." लोक हसले. सूत्रसंचालकही हसला. "आणि दमायचे मी. रोज दमायचे. एवढं दुरुस्त करून घ्या."

आता कुणी हसलं नाही. कुणीतरी टाळी वाजवायला सुरुवात केली आणि थांबवली. त्या खाली उतरल्या.

परत येताना गाडी प्रशांत चालवत होता. त्याची बायको मनीषा त्याच्या शेजारी. मी मागे अक्कांशेजारी, मांडीवर स्मृतिचिन्ह घेऊन. बाळाला छातीशी धरलेली आई, प्लास्टिकची, सोनेरी रंग. तो म्हणाला, "चार लोकांत माझं हसू झालं, आई."

"हसू तुझं नाही झालं. माझ्यावर हसले ते."

"मी जे लिहिलं ते मनापासून लिहिलं होतं."

"ते ठाऊक आहे मला. म्हणूनच तर बोलले. दुसऱ्या कुणी लिहिलं असतं तर गप्प बसले असते."

मनीषा पुढून हळूच म्हणाली, "आई, साडी मात्र छान आहे."

"आहे ना?" अक्का म्हणाल्या. मग माझ्या मांडीवरच्या स्मृतिचिन्हाकडे पाहून, "हिची मान बघा भाऊ. केव्हाची वाकवून ठेवलीय. दुखत असेल."

प्रशांत हसला नाही. अक्कांना तो हसायला हवा होता. मला ते तेव्हा कळलं, कारण त्यानंतर मेहरूण येईपर्यंत त्या खिडकीबाहेरच पाहत राहिल्या.

रविवारचा फोन त्यानंतरही येत राहिला, पण अक्का म्हणायच्या, तो आता औषधाचं विचारतो आणि ठेवतो. त्या फारसं बोलून दाखवत नसत. एकदा मात्र सिनेमा लावायच्या आधी पट्टी पुसता पुसता म्हणाल्या, "भाऊ, माझं एवढंच आहे हो. मी जाण्याआधी त्याने मला एकदा नीट बघावं. त्या संगमरवरातली नको. मी आहे तशी. नाहीतर मी गेल्यावर तो भलत्याच बाईसाठी रडेल."

मग एका रविवारी प्रशांत न कळवता आला. आईला काही दिवसांसाठी धुळ्याला न्यायचं होतं. अक्का घरी नाहीत म्हटल्यावर वाचनालयात आला. खेळ चालू होता, आणि त्या दिवशी धुणेवालीचाच पिच्चर होता. तो मागच्या रांगेत, अंधारात, बायकांच्या मध्ये जाऊन बसला. जेवून आलात का, हे त्याला कुणी विचारलं नव्हतं, आणि तो जेवलेला नव्हता, हे मला नंतर कळलं.

अक्कांनी त्याला पाहिलं होतं. त्यांचा आवाज एकदम सपाट झाला, परीक्षेला पर्यवेक्षक आल्यावर होतो तसा. सदरा इस्त्री झाला, लग्न लागलं, बर्फ पडू लागला. शेवटची पाटी आली. 

"मी दमले आहे," अक्का म्हणाल्या. "मला बसायला कुणीतरी जागा द्या."

"बैस माय," पुढच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं.

मागून प्रशांतचा आवाज आला. फार मोठा नाही, पण सगळ्यांना ऐकू गेला. "आई, तिथं असं लिहिलेलं नाही."

"ठाऊक आहे मला," अक्का म्हणाल्या.

बायका मागे वळल्या. हिराबाईंनी त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाल्या, "तू गैरा शिकेल शे भाऊ. पन अक्का सांगी ऱ्हायनी ते आइक."

मी दिवे लावले. बायका एकेक करून निघून गेल्या. मायलेक बाहेर पायरीवर बसले होते. मी आत प्रोजेक्टरची वायर गुंडाळत होतो. त्यांचं बोलणं ऐकायचं नव्हतं, पण दार उघडं होतं.

"दमायचीस तर मला सांगायचं होतंस," प्रशांत म्हणत होता. "मी विचारायचो ना? रोज विचारायचो. तू नाही म्हणायचीस."

"हो. खोटं बोलायचे."

"मग आता हे असं, लोकांसमोर, सिनेमातून? आत्ताच का?"

अक्का म्हणाल्या, "तू विचारायचं बंद केलंस म्हणून."

 मी बाहेर आलो तेव्हा अक्कांनी पिशवीतून डबा काढून त्याच्या हातात दिला होता आणि तो पायरीवर बसून, मान खाली घालून भाकरी खात होता. त्या दिवशी अक्का त्याच्याबरोबर धुळ्याला गेल्या नाहीत. पुढच्या आठवड्यात खेळ आहे, म्हणाल्या.

तो खेळ झाला. त्यानंतरचा झाला नाही. अक्कांना घरात भाजी चिरता चिरता झटका आला. शेजारच्या बाईने दार वाजवलं म्हणून कळलं. उजवी बाजू गेली, आणि बोलणं गेलं. प्रशांत येऊन त्यांना धुळ्याला घेऊन गेला. मेहरूणच्या खोल्या त्याने सोडल्या नाहीत, कुलूप लावून ठेवलं. अक्कांचं टेबल मात्र नेलं.

दोन महिन्यांनी प्रशांतचा फोन आला. "सर, आई काही मागत नाही. मागता येतच नाही. पण मोबाईलवर जुने सिनेमे दाखवले की डोळे उघडे ठेवते. तुमच्याकडे तो धुणेवालीचा असेल ना?"

मी लॅपटॉप घेऊन सकाळच्या एसटीने निघालो. एरंडोल, पारोळा, दोन्ही बाजूंना वेचणीला आलेला पांढराशुभ्र कापूस. बर्फ पाहून हिराबाईंनी विचारलेलं ते 'कापूस पडी ऱ्हायना का' आठवत मी धुळ्यापर्यंत गेलो.

अक्कांची खोली खालच्या मजल्यावर, उजेडाची. खिडकीशी त्यांचं टेबल. पलंगावर अक्का उशांना टेकून बसवलेल्या. किती लहान झाल्या होत्या. घड्याळ डाव्या हातात घातलेलं होतं, कारण उजवा हात पांघरुणावर नुसता ठेवलेला होता. मला पाहून त्यांनी डावा हात थोडा उचलला. मनीषाने आल्या आल्या विचारलं, "भाऊ, जेवून आलात का?" आणि अक्कांच्या डोळ्यांत काहीतरी हललं. मी नाही म्हणालो. मग मला पोळी आणि शेवभाजी संपवावी लागली, तेव्हाच सिनेमा सुरू झाला.

लॅपटॉप टेबलावर ठेवला, पलंगाकडे तोंड करून. पहिली पाटी आली आणि कुणीच काही बोललं नाही. दुसरी आली. तेव्हा प्रशांतने खुर्ची पुढे ओढली आणि वाचायला लागला. अडखळत. एक पाटी वाचता वाचता पुढची येई. "म्हणजे, तो म्हणतोय की, मुलाला आम्ही आमचं नाव देऊ," असं काहीतरी. अक्का पाटीकडे बघत नव्हत्या, त्याच्या तोंडाकडे बघत होत्या. मनीषा भाजी निवडत बसली होती. मधेच तिने विचारलं, "ही बाई जेवते कधी?" प्रशांतने तिच्याकडे पाहिलं, मग आईकडे, आणि पुढची पाटी वाचायची राहून गेली.

लग्न आलं. बर्फ आला. मग ती काळी पाटी.

प्रशांतने तोंड उघडलं आणि थांबला.  ते वाक्य मला पाठ होतं, पण ते मी बोलण्याचं नव्हतं. पाटी गेली. पडद्यावर ती बाई पुन्हा दिसू लागली, फाटकाबाहेर, खिडकीच्या उजेडाकडे तोंड करून. प्रशांत आता पडद्याकडे पाहतच नव्हता. आईची मान एका बाजूला कलली होती, ओठांच्या कोपऱ्यातून लाळ आली होती. त्याने ती रुमालाने पुसली.

"आई," त्याने विचारलं, "दमलीस का?"

त्याला त्या दालनातलं वाक्य आठवलं होतं की त्याने सहजच विचारलं, हे मला सांगता येणार नाही. मी त्याला नंतर विचारलंही नाही. अक्कांची मान आधी बाजूला वळू लागली, आयुष्यभर वळली होती तशी. नाही रे राजा. मग अर्ध्यात थांबली. आणि हळूहळू, फार कष्टाने, खाली आली. एकदा. हो.

प्रशांत उठला. पाठीमागच्या उशा एकेक करून काढल्या, खांद्यांखाली हात घालून त्यांना आडवं केलं, पांघरूण ओढलं. मग पलंगाच्या पायथ्याशी जमिनीवर बसून त्यांचे तळवे चेपू लागला.  मनीषाने तेलाची बाटली आणून त्याच्याजवळ ठेवली.

मला परतीची गाडी धरायची होती. मी पिशवी उचलली. लॅपटॉप राहू द्या, पुढच्या वेळी न्या, असं प्रशांत मान वर न करता म्हणाला. पुढची वेळ आली ती अक्का गेल्यानंतर.

दारातून मागे पाहिलं. सिनेमाचा शेवट अजून चालू होता. त्या सिनेमाला शेवट असा नाहीच, चित्र नुसतं काळं काळं होत जातं. ती बाई अजून फाटकापाशी उभीच होती. अक्कांनी डोळे मिटले होते. त्यांचा डावा हात पलंगावरून खाली आला होता आणि मुलाच्या डोक्यावर टेकला होता, आशीर्वादासाठी नव्हे, जड झालेला हात माणूस कशावर तरी टेकवतो तसा.